जांभळ्या बुडाची रोपं

कांद्याची पात चिरताना तिची पोकळ नळी बोटांत आली की मला कोंढ्याकडची आमची तळ्याखालची धानाची बांधी आठवते. गोंदिया जिल्हा वेगळा होऊन दोन-तीन वर्षं झाली होती आणि मी कृषी विद्यालयातून शुद्ध बियाण्याचं वेड डोक्यात घेऊन घरी आलो होतो. मायच्या घरच्या धानात दरवर्षी थोडी रोपं जांभळ्या बुडाची निघत. माझ्या लेखी ती भेसळ. रोवणीनंतर महिनाभरानं मी ओळीओळीनं वाकून ती उपटली, धुऱ्यावर, म्हणजे बांधावर, फेकली. माय म्हणाली, "राहू दे नं बापू. सारे एकसारखे कायले पायजेत तुले? माशीच्या सालात हेच तारते." मी हसलो, कारण माझ्या वहीत तसं काही नव्हतं. मग खरंच गादमाशी आली. बघता बघता हिरव्या रोपांचे फुटवे पातीसारखे पोकळ, चंदेरी पोंगे झाले. त्यांतून लोंबी येत नाही. वर्षाचा भात त्या बांधीत होता, पुढच्या सालचं बियाणंही तिथंच. मी धुऱ्यावरचा ढीग दोन्ही हातांनी उपसला. आत नुसता काळा, कुजका लगदा. मग गुडघाभर चिखलात शिरून एखादं जांभळं दिसतं का म्हणून एकेक बूड बघत सुटलो. सगळी हिरवी. धुऱ्यावरून मायनं हाक दिली, "एखादं तरी चुकून राहिलं असन ना रे?" पुढं आयुष्यात पुष्कळ चुका केल्या. त्या बांधीत मात्र माझ्या हातून एकही झाली नव्हती.