तोयोसूच्या गच्चीवरचा शॉट

सुचेता पाटणकर मूळची पुण्याची. सिनेमाचा कॅमेरा शिकायला म्हणून ती मॉस्कोला गेली आणि तिथेच कामाला लागली. बारा वर्षांत तिने तीन रशियन चित्रपट आणि बऱ्याच मालिका चित्रित केल्या. लग्नानंतर नवऱ्याच्या, धीरजच्या, नोकरीमुळे घर तोक्योत निशी-कसाईला आलं, तरी तिचं काम मॉस्कोचंच राहिलं. वर्षातले सहा महिने ती तिकडेच असायची.

एका हिवाळ्यात गोठलेल्या नदीवर शूटिंग चालू होतं. बर्फ तडकल्याचा आवाज सुचेताने ऐकला, पण शॉट चांगला चालला होता म्हणून ती काही बोलली नाही. पुढच्याच क्षणी ग्लेब नावाचा पन्नाशीतला लाइटमन पाण्यात गेला. तो वाचला, पण पायाची तीन बोटं गमावून बसला. आपण आवाज ऐकला होता, हे तिने फक्त धीरजला सांगितलं.

२०१७च्या ऑक्टोबरमध्ये वादिम हा दिग्दर्शक एका मालिकेच्या शूटिंगसाठी तोक्योत आला. कॅमेरा अर्थातच सुचेताकडे. खाडीकाठच्या तोयोसूतल्या एका उंच इमारतीच्या गच्चीच्या कठड्यावरून नायिका धावते, असा प्रसंग होता. धावणार होती अलिना, स्टंट करणारी. खाडीवरून जोराचा वारा येत होता. अलिनाच्या कमरेला बांधलेली सुरक्षेची तार चित्रात दिसते म्हणून वादिमने ती काढायला लावली. गच्चीची परवानगी त्याच दिवसापुरती होती आणि सूर्य बुडायला जेमतेम दहा मिनिटं उरली होती.

सुचेताने कॅमेऱ्यातून पाहिलं. अलिनाने पाऊल उचललं आणि वाऱ्याने ती किंचित कलली.

तार लावा, नंतर चित्रातून पुसता येईल, असं सुचेताने सांगितलं. तेवढा वेळ नाही, असं वादिमचं म्हणणं पडलं. अलिनानेही वादिमच्या बाजूने मान डोलावली. तिला काम संपवायचं होतं. सगळे सुचेताकडे बघत राहिले.

तिने कॅमेऱ्याची बॅटरी काढली आणि कोटाच्या खिशात टाकली.

"हा शॉट मी घेणार नाही," ती म्हणाली.

"मग तू या मालिकेतच नाहीस," वादिम म्हणाला.

दुसरी बॅटरी खाली गाडीत होती. ती वर येईपर्यंत ऊन गेलं. अलिना कठड्यावरून उतरली आणि सुचेताकडे न बघता लिफ्टकडे गेली.

आठवड्याभराने नवी परवानगी मिळवून दुसऱ्या कॅमेरामनने तोच प्रसंग चित्रित केला, तार लावून. सुचेताचं नाव श्रेयनामावलीतून गेलं. त्यानंतर जवळजवळ वर्षभर मॉस्कोहून कोणी तिला बोलावलं नाही. ती तोक्योच्याच कोतो भागातल्या एका स्टुडिओत पार्ट-टाइम लग्नाचे व्हिडिओ काढू लागली.

मग एका रशियन दिग्दर्शिकेचा फोन आला. सुचेताचं नाव तिला अलिनाने सुचवलं होतं. डोंगरातली कथा होती, दऱ्याखोऱ्यांतलं काम. सुचेताने आधी दोरांची व्यवस्था कोण बघणार ते विचारलं, त्या माणसाचा नंबर घेतला आणि त्याच्याशी तासभर बोलली. मगच होकार कळवला.