घासलेलं बदक

सिंगापूरच्या क्लेमेंटी भागात आमच्या शेजारी राहणाऱ्या अमेरिकन बाई दोन महिने मायदेशी जाताना त्यांच्या आजोबांनी कोरलेलं लाकडी बदक आमच्याकडे सांभाळायला ठेवून गेल्या. खरी बदकं फसून खाली उतरावीत म्हणून आजोबा ते शिकारीच्या वेळी तळ्यात सोडत. दिवाळीच्या साफसफाईत मला ते कळकट दिसलं, म्हणून मी ते भांड्यांच्या घासणीने घासलं. मळाबरोबर एका पंखाचा रंगही गेला.

"अहो, एवढ्या वर्षांत कधी कढई नाही घासलीत!" बायको म्हणाली.

मग मी तपकिरी रंगाच्या तीन ट्यूबा आणल्या. एकही छटा जुळेना. तीनदा रंगवलं, तीनदा पुसलं. चौथ्यांदा तर बदकाची चक्क कोंबडी झाली.

"बाबा, स्टॉप लाह!" लेक इथल्या सिंगापुरी इंग्रजीत वैतागली. तिच्याहून जास्त मी वैतागलो होतो.

बाई परतल्या तेव्हा मी लावलेला सगळा रंग पुसून, ते बदक आणि फराळाचा डबा घेऊन मी गेलो आणि झालं ते सांगून टाकलं. बाई उघड्या पंखावरून अंगठा फिरवत राहिल्या.

"आजोबा दर हंगामाला याला नवा रंग द्यायचे."

मला जरा हायसं वाटलं.

"हा त्यांनी दिलेला शेवटचा होता."

आता डबा पुढे करावा की नाही, तेही मला कळेना.