बर्फावर उभा राहणारा माणूस

काकूंचा फोन आला तेव्हा आमची कंपनीची बस श्रीपेरुंबुदूरच्या अलीकडे सिग्नलला उभी होती. काकू कधी फोन करत नाहीत. काही सांगायचं असलं तर रावकाकांना करायला लावतात, आणि रावकाका तर सहा दिवस अतिदक्षता विभागात नळ्या लावून पडलेले. त्यामुळे फोनवर नाव दिसलं तेव्हाच कळलं. "राव गेले म्हणून सांगितले रे आत्ताच. तू ये," एवढंच त्या म्हणाल्या. मी ड्रायव्हरला सांगून उतरलो, रस्ता ओलांडला आणि उलट्या दिशेच्या बसची वाट बघत उभा राहिलो. समोरून कारखान्यांच्या बसगाड्या एकामागून एक जात होत्या. मला रडू आलं नाही. भीती वाटली. कसली, ते या लेखात सांगायचं ठरवून बसलो आहे. बघू जमतं का…

दुपारी चेन्नईत, मैलापूरच्या घरात काकांना खाली ठेवलं होतं. आमच्याकडे करतात तसेच त्यांच्याकडेही गेलेल्या माणसाच्या पायाचे दोन्ही अंगठे एकत्र बांधतात. भटजींनी दोरा घेतला, धोतर थोडं सारलं आणि तसेच थांबले. डावा पाय गुडघ्याखाली नव्हता. पंधरा दिवसांपूर्वी कापला होता. भटजींनी एकदा काकूंकडे बघितलं, मग उजव्याच अंगठ्याला दोऱ्याचे दोन वेढे देऊन गाठ मारली आणि मंत्र पुढे चालू केले. नंतर सगळे पाया पडायला वाकले, मीही वाकलो. सवयीने दोन हात पुढे गेले. एका हाताला पाय लागला, दुसऱ्या हाताला सतरंजी.

सतरा वर्षांपूर्वी मी साताऱ्याहून ओरगडमच्या ट्रकच्या कारखान्यात नोकरीला आलो आणि रावकाकांच्या माडीवरच्या खोलीत भाडेकरू म्हणून राहिलो. काका-काकू तंजावरकडचे मराठी. घरात बोलतात ती मराठी जुन्या वळणाची, चाल तमिळची. पहिल्या दिवशी मला त्यातलं निम्मंच समजलं, पण "जेवून आलास काय? नाही तर बस," हे बरोबर समजलं. त्यांना मूलबाळ नव्हतं. मला इथे कोणी नव्हतं. पुढे मी लग्न करून दुसरीकडे राहायला गेलो तरी रविवारचं जेवण त्यांच्याकडेच राहिलं. काका मला कधी नावाने हाक मारत नसत, "सातारा" म्हणत. "अय्यो सातारा, इतकं तिखट खाऊन डोकं गरम, म्हणून तू सगळ्यांशी भांडतोस." खरं आहे. मी भांडखोर आहे. फक्त जिथे भांडायला हवं होतं तिथे गप्प बसलो.

काका मासळी बंदराजवळच्या एका बर्फाच्या कारखान्यात चौतीस वर्षं होते. आधी यंत्रावर, शेवटी सुपरवायझर. मिठाच्या पाण्याच्या मोठ्या टाकीत पत्र्याचे साचे बुडवून ठेवायचे, अठरा तासांनी वर ओढायचे, उलटे करायचे, की लादी सुळकन ओल्या फरशीवर घसरत जाते. मासळीवाले पहाटेपासून दारात. काका बर्फाला 'केला' कधी म्हणत नसत, 'काढला' म्हणत. लादी पोटात पांढुरकी निघाली की त्यांचा दिवस खराब जायचा, कारण पांढरं म्हणजे आत हवा राहिली, काम घाईत झालं. काचेसारखी आरपार लादी निघाली तर घरी येऊन काकूंना सांगायचे. काकू म्हणायच्या, "आज पण कैरीच्या लोणच्यासारखं बर्फाचं कौतुक."

त्या कारखान्यात एक रीत होती. नवरात्राच्या नवव्या दिवशी इकडे आयुधपूजा करतात. यंत्रं, गाड्या, हत्यारं धुऊन त्यांना हळदकुंकू लावतात. इथे त्या दिवशी पहिली निघालेली लादीही पूजत. तिच्यासमोर कापूर लावायचा आणि सगळ्यात जुन्या कामगाराने अनवाणी त्या लादीवर उभं राहायचं, कापूर विझेपर्यंत. जितका वेळ तो उभा राहील तितकं वर्ष चांगलं जाणार. काकांकडे हा मान आला तेव्हा ते पन्नाशीत होते. पहिल्या वर्षी निम्म्या कापराला उडी मारून उतरले, सगळे हसले. पुढच्या वर्षी पूर्ण कापूर. मग दोन. निवृत्त झाल्यावरही मालक त्यांनाच बोलवायचे. मी एका वर्षी मुद्दाम बघायला गेलो होतो. सदुसष्ट वर्षांचा माणूस बर्फावर उभा, चेहऱ्यावर आठी नाही, हात जोडलेले, आणि खाली पोरंसोरं टाळ्या वाजवतायत. मीही वाजवल्या. "मला बर्फ लागतच नाही पा. तो मला ओळखतो," ते म्हणाले.

काकांना वीस वर्षं शुगर होती. शुगर जुनी झाली की पायाच्या नसा मरतात, थंड-गरम कळत नाही, काटा मोडला तरी कळत नाही. हे मला आता डॉक्टरांनी सांगितलं. त्यांच्या कापरांचा आकडा वर्षागणिक वाढत होता तो यामुळे. आम्ही चाळीस-पन्नास माणसं वर्षानुवर्षं एका मरत चाललेल्या पायाला टाळ्या वाजवत होतो.

निवृत्तीनंतर त्यांनी एकच खूळ घेतलं. "जन्मभर बर्फ काढला. कोणी न काढलेला बर्फ एकदा बघायला पाहिजे." हिमालयातल्या उंचीला डॉक्टरांनी मनाई केली होती. मग मीच शोध लावला की आइसलंडमध्ये हिमनदी जवळजवळ समुद्राच्या पातळीपर्यंत खाली येते, गाडीतून उतरून चालत जाता येतं. मोठ्या गटाबरोबर काकांना धावपळ झाली असती, म्हणून एका दिवसासाठी फक्त आम्हा दोघांची गाडी आणि वाटाड्या ठरवला. काकू यायला तयार नव्हत्या. "घरात फ्रिज आहे, मला ते पुरे," म्हणाल्या. निघताना मात्र मला बाजूला घेऊन म्हणाल्या, "नेतोस तसा आणून सोड." मी म्हटलं, "तुम्ही काळजीच करू नका." उचलली जीभ लावली टाळ्याला.

आमची वाटाडी साठीची बाई होती, हिल्दुर नावाची. उंच जीप स्वतः चालवायची आणि फार कमी बोलायची. सकाळी तिने आम्हाला भाड्याचे बूट दिले. काकांचा डावा बूट मला जरा तंग वाटला, मी विचारलंही. "सेरी, ठीक आहे, लागत नाही," ते म्हणाले. काळी वाळू, काळे डोंगर, आडवा पाऊस, आणि कुठे झाड म्हणून नाही. पहिला थांबा एका धबधब्याचा, ज्याच्या मागून चालत जाता येतं. आत गेलो तेव्हा समोर पाण्याची भिंत आणि तिच्या आवाजाने छाती हलत होती. हिल्दुर घाई करत होती, काका हलेनात. बुटात पाणी गेलं होतं त्यांच्या. माझे पाय पाच मिनिटांत गारठून दुखायला लागले, मी नाचायला लागलो. काका माझी चेष्टा करत निवांत उभे. "बघ, सातारा! बर्फवाला कसा असतो."

मग हिमनदी. मला वाटलं होतं पांढरीशुभ्र असेल. ती राखेने काळवंडलेली होती, मळक्या चादरीसारखी, आणि भेगांमध्ये तेवढी निळी. बुटांना खिळ्यांचे पट्टे बांधून आम्ही हळूहळू वर गेलो. एका निळ्या भेगेशी काका गुडघ्यावर बसले, हातमोजा काढला आणि बोटाच्या पेराने बर्फ वाजवून बघितला, कारखान्यात लादी वाजवायचे तसा. बराच वेळ आत डोकावत राहिले. "सातारा, यात हवा नाही रे… केवढं चांगलं काढलं आहे. विचार तिला, किती वेळ लागला म्हणून." मी विचारलं. हिल्दुर म्हणाली, शेकडो वर्षं. काका म्हणाले, "आम्ही अठरा तासांत काढत होतो. घाईच की ती." आणि त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं. मी त्यांना सतरा वर्षांत रडताना पाहिलं नव्हतं. खाली उतरताना हिल्दुरने एक तळं दाखवलं. ती शाळेत असताना तिथपर्यंत बर्फ होता म्हणे.

जीपमध्ये बसल्यावर मी म्हटलं, ओले मोजे तरी बदला. त्यांनी डावा बूट काढला. राखाडी मोजा टाचेपासून चवड्यापर्यंत लाल होता. नुसता डाग नव्हे, पिळला असता तर निथळला असता. काका त्याच्याकडे बघत राहिले आणि मला म्हणाले, "हे कोणाचं?" खरंच विचारलं त्यांनी. थट्टा नव्हती. मी मोजा काढला. अंगठ्याखालची कातडी पैशाएवढी सोलून निघाली होती, आत मांस दिसत होतं. मी बाटलीच्या पाण्याने धुतलं, माझा रुमाल बांधला. त्यांचा चेहरा शांत. हिल्दुर मागे वळून बघत होती. ती म्हणाली, वाटेत गावात दवाखाना आहे, अर्ध्या तासावर, आपण जाऊ. मी काकांना सांगितलं. काका म्हणाले, "अजून एक धबधबा आहे की. तो राहील." आणि मग हलक्या आवाजात, "काकूला सांगू नको पा. मला पुन्हा कुठे पाठवणार नाही." मी काय करावं? मी हिल्दुरला कौतुकाने बर्फाच्या लादीची, कापराची सगळी गोष्ट सांगितली. म्हटलं, यांना काही होत नाही, हे बर्फातले आहेत. ती म्हणाली, "न दुखणं ही चांगली गोष्ट नाही." मी हसलो. आम्ही दुसरा धबधबा बघितला. फोटो आहे त्याचा. काका त्यात एका पायावर जरा कमी भार देऊन उभे आहेत आणि मनापासून हसतायत.

चेन्नईला परतल्यावर मी दोनदा विचारलं, जखम कशी आहे. "सुकली," म्हणाले. झाकली मूठ सव्वा लाखाची, तशी ती पट्टी. मी उघडून बघितली नाही. काकूंसमोर विषय काढला नाही. तीन आठवड्यांनी आयुधपूजा आली. आमच्या कारखान्यातही पूजा होती, मी तिथे होतो. दुपारी काकांचा फोन, आवाजात लहान मुलासारखा आनंद. "सातारा! तीन कापूर!" मला क्षणभर ती ओली, मासळीच्या पाण्याने भरलेली फरशी आठवली. जखमेचं मनात आलं, नाही असं नाही. पण मी म्हटलं, "वा काका!"

दीपावलीच्या आठवड्यात ताप आला. पाय काळा पडला तेव्हा कुठे काकूंनी पाहिला. आधी दोन बोटं गेली, मग पाऊल, मग गुडघ्याखाली. विष रक्तात भिनलं होतं. शुद्धीवर असताना शेवटचं त्यांनी मला विचारलं, "तो बर्फ आहे का रे अजून तिकडे?" मी म्हटलं, आहे. दवाखान्यात डॉक्टरांनी काकूंना विचारलं होतं की जखम केव्हाची. काकू म्हणाल्या, ठाऊक नाही. मी शेजारी उभा होतो. तेव्हाही गप्प.

इथवर लिहिलं आणि हात थांबला. काकूंना देवनागरी वाचता येत नाही. घरात मराठी बोलतात, पण वाचणं-लिहिणं सगळं तमिळ. म्हणजे मी कबुली दिली होती ती नेमकी जिथे काकूंचे डोळे पोचणार नाहीत अशा जागी. भित्रेपणालाही किती हुशारी सुचते! गेल्या रविवारी कागद घेऊन मैलापूरला गेलो आणि काकूंना म्हटलं, काकांवर लिहिलंय, ऐका. त्या खुर्चीत बसल्या. मोज्यापाशी आलो तेव्हा मी कागद खाली घेतला. "वाच," काकू म्हणाल्या. मी शेवटपर्यंत वाचलं.

मग त्यांनी विचारलं, "त्या दिवशी सांगितला असतास तर पाय राहिला असता?"

"राहिला असता, काकू. बहुतेक राहिला असता."

"हां," त्या म्हणाल्या. रागावल्या नाहीत, रडल्या नाहीत, 'जाऊ दे' असंही म्हणाल्या नाहीत. मी त्याची वाट बघत होतो, खोटं कशाला बोलू. त्या उठल्या आणि न्हाणीघराच्या दारातून मला हाक मारली. आत भिंतीवर, उंच माणसाच्या तोंडासमोर येईल इतक्या उंचीवर, एक रिकामा खिळा होता. खाली जमिनीवर हातभर आरसा भिंतीला टेकवून ठेवलेला. काकू म्हणाल्या, "चार वर्षं झाली. डॉक्टर सांगितले, आरसा खाली ठेवून रोज तळवे बघायला लाव यांना म्हणून. मी माडवीथीच्या बाजारात जाऊन घेऊन आले. हे म्हणाले, पाय बघायला आरसा कशाला, आणि वर लावून दाढी केली त्यात. मी पण हसले. रोज इथेच उभे राहून दाढी करत होते, मी टॉवेल देत होते… मी एकदा पण खाली बघितले नाही." मग म्हणाल्या, "आता मी खाली ठेवला आहे. मला शुगर नाही. तरी रोज बघते."

चपला मी बाहेर काढल्या होत्या. आरशात माझे पाय दिसत होते.

"तुझं वय काय झालं?"

"बेचाळीस."

"शुगर तपासलास?"

"नाही."

"पाय उचल," काकू म्हणाल्या. "तळवा दाखीव."

मी भिंतीला हात टेकून डावा पाय उचलला. काकूंनी चष्मा लावला आणि वाकून नीट बघितलं.