शेवटच्या कार्यक्रमाची टेप

दिग्दर्शकाचा दिवस पहाटे चारला सुरू व्हायचा, बस डेपोत, हातात पाण्याचा पाइप आणि ब्रश घेऊन. तिथे त्याला सगळे ‘दिग्दर्शक’च म्हणत, आणि म्हणताना हसत. बस मात्र तो नीट धुवायचा. सीटखालचं च्युइंगम खरवडायला गुडघे टेकावे लागतात, तो टेकायचा. दुपारी कॅमेरा घेऊन बाहेर पडायचा.

एके काळी शहरात गल्लोगल्ली बँड होते. त्यांचा इतिहास जपायचं त्याने मनावर घेतलं होतं. भेटेल तो म्हातारा कॅमेऱ्यासमोर सांगे, सगळं आपल्यापासूनच सुरू झालं, बाकीचे सामान उचलायला होते. घरी आई विचारायची, “सिनेमा दाखवणार कधी, मी गेल्यावर?”

सगळ्यात नावाजलेल्या बँडमध्ये त्याचे वडील ड्रम वाजवायचे. ते आता नव्हते. उरले होते गायक आणि गिटारवाला. शेवटच्या कार्यक्रमात भर गाण्यात ताल कोसळला, लोक हसले, बँड मोडला. गायकाच्या मते गिटारवाला घसरला, गिटारवाल्याच्या मते गायक. तेव्हापासून दोघांचा अबोला. अबोला पाळला तितक्या नेमाने रियाज केला असता तर ताल कोसळलाच नसता.

त्या कार्यक्रमाची एकुलती एक टेप गायकाकडे होती. तिला बुरशी धरू लागली होती. लवकर वाजवून कॉम्प्युटरवर उतरवून घेतली नाही तर संपलीच. तसली टेप वाजवणारं मशीन एकाच स्टुडिओत होतं, तासाच्या भाड्याने. गायक म्हणे, टेप माझ्या हातातून सुटणार नाही. गिटारवाला म्हणे, माझ्यामागे ऐकलीत तर माझं नाव सिनेमातून काढा. दिग्दर्शकाने डेपोत जादा पाळ्या केल्या, स्टुडिओ घेतला आणि दोघांना वेगवेगळ्या टॅक्सींतून आणलं. थोर माणसं एका टॅक्सीत मावत नाहीत.

टेप फिरू लागली. गळा चोख होता. गिटारही चोख. दुसऱ्या कडव्यानंतर ड्रम एकदम धावत सुटला आणि हे दोघे त्याला गाठायला धडपडले.

वडील या भांडणात कधीच का पडले नाहीत, हे दिग्दर्शकाला आता कळलं. घरी विषय निघाला की ते म्हणायचे, दोघांचं काय ते दोघं बघतील. केवढा तो समजूतदारपणा.

गायकाने घसा खाकरला. “टेप जुनी आहे. मशीनच पळत असेल.”

“मशीनच,” गिटारवाला म्हणाला. इतक्या वर्षांनी एकमत झालं, तेही खोट्यावर. मग तो दिग्दर्शकाकडे वळला. “एवढा तुकडा काप, बाळा. तुझ्या आईला ऐकवू नकोस.”

“काका, आजवर तुम्ही दोघांनी एकमेकांच्या माथी मारलंत. आता ज्याचं त्याच्याकडे राहू दे.”

त्याने टेप मागे घेतली आणि पुन्हा वाजवली, उतरवून घेण्यासाठी. म्हातारे शेजारी शेजारी बसून ऐकत राहिले. त्या सगळ्या जादा पाळ्यांच्या पैशातून दिग्दर्शकाने अखेर घेतलं काय, तर बापाची चूक, एकेक ठोका स्पष्ट ऐकू येईल अशी.