मी कापलेली अक्षरं

मी चौथी पास. पण जत्रेतल्या तंबूत बावीस वर्षं सिनेमाची मशीन चालवली, आणि माझ्या हातानं जोडलेली पट्टी कधी पडद्यावर तुटली नाही. आयर्लंडमधल्या ड्रोहेडा गावात मुलीकडं राहायला आल्यावरही हे मी ज्याला त्याला ऐकवायचो.

नात इथंच वाढलेली. मराठी बोलते ती तिच्या चालीनं, आणि मला सरळ 'तू' म्हणते. विद्यापीठात ती इटलीतल्या एका नटीवर प्रबंध लिहीत होती. मुक्या सिनेमाच्या काळातली नटी. जेवताना रोज तोच विषय, त्यामुळं त्या बाईचं आयुष्य मला पाठ झालेलं. तुरीन शहरात हातमोजे शिवायची. एका सिनेमात घोड्यावरून पडायला कुणी तयार होईना, म्हणून हिला नेली. मग चेहरा बघून घोड्यावरून उतरवली आणि सरदारीण केली. पुढं दर सिनेमात ही प्रेमापायी मरायची. कधी विष खाऊन, कधी खिडकीतून उडी टाकून. गावोगावच्या बायका तिच्यासारखे केस वळवायच्या. नंतर लढाई झाली, कंपन्या बुडाल्या, नवी तोंडं आली. पुस्तकांत लिहिलंय, बाईनं लग्न केलं आणि काम सोडलं.

नातीला ते पटायचं नाही. "सोडलं नाही, आजोबा. मोठं काम देईनात, म्हणून ती बारीक कामं करत राहिली. मोलकरणीची, दाईची. पण प्रूफ नाही ना!"

प्रूफ शेजारच्या घरातल्या प्रेसमधून निघालं. प्रेस म्हणजे कपाट, इथं तसंच म्हणतात. शेजारच्या म्हातारीचा आजा चर्चच्या हॉलांतून सिनेमे दाखवत फिरायचा. तिनं फिल्मचा एक गंजका डबा आणून दिला. वरच्या चिठ्ठीवरचं सिनेमाचं नाव वाचून नातीनं डबा छातीशीच धरला. हा सिनेमा हरवला असं सगळे धरून चालले होते, आणि आपली बाई यात मोलकरीण झालीय असा हिचा अंदाज होता.

डबा मागच्या अंगणातल्या शेडमध्ये ठेवला. "शुक्रवारी जुन्या फिल्मा जपणारा माणूस येणार आहे. तोपर्यंत हात लावायचा नाही," नात म्हणाली.

"कुणाला सांगतेस? मी बावीस वर्षं..."

"तू ग्रँड आहेस, आजोबा. पण हात नाही."

गुरुवारी सगळे कामाला गेले. मी शेडमध्ये गेलो. झाकण उघडताच वास आला. जळती फिल्म, ठिणगी पडली की भडकणारी जुन्या काळची पट्टी. मला मशीन शिकवणाऱ्या उस्तादाच्या पेटीत असली थोडी होती, वास ओळखीचा. चार हात उलगडली तर जोड सगळे ओबडधोबड, कुठं कुठं सुटलेले. उद्या तो माणूस येऊन बघणार, आणि घरात ऑपरेटर बसलेला असताना पट्टीची ही दशा? मी ब्लेड घेतलं, जोड चिकटवायला मुलीची नखांचा रंग काढायची बाटली घेतली, आणि बसलो.

मोलकरीण दिसली. हातात तबक, पण तोंडाच्या जागी पट्टी विरघळून डाग झालेला. तिच्या आधी तीन चौकटी नुसत्या अक्षरांच्या. असे तुकडे अकरा ठिकाणी निघाले. तीन चौकटी म्हणजे डोळ्याची पापणीही लवत नाही, वाचणार कोण? आमच्याकडं असला तुकडा राहिला की पडद्यावरचं चित्र उडायचं आणि पब्लिक दगड मारायचं. कुणा घाणेरड्या ऑपरेटरची उरलेली कचरपट्टी, असं समजून मी अकराच्या अकरा कापले आणि जोड असे बसवले की बोटालाही कळू नयेत. जळत्या फिल्मचे तुकडे जवळ ठेवायचे नाहीत, हा उस्तादाचा पहिला धडा. बाहेर फरशीवर ठेवून काडी लावली. फर्रकन गेले.

शुक्रवारी तो माणूस आला. पट्टी पांढऱ्या हातमोज्यांतून हळूहळू सरकवत गेला, मग थांबला आणि नातीला काहीतरी विचारलं. ती माझ्याकडं वळली.

"आजोबा, अक्षरं कुठायत?"

मी सांगितलं. अगदी ताठ मानेनं सांगितलं, कारण काम चोख झालं होतं.

ती ओरडली असती तर बरं झालं असतं. तिनं हळू आवाजात समजावलं. सिनेमा परदेशी पाठवताना इटलीतले लोक अक्षरांच्या तीनच चौकटी छापायचे. घेणाऱ्यानं त्या आपल्या भाषेत लांबवून घ्यायच्या. कोणाचं काम कोणी केलंय ते त्यावर लिहिलेलं असायचं. चेहरा गेलेला, म्हणजे उरलं होतं ते तेवढंच.

मग तिनं नटीचं नाव मोठ्या अक्षरात कागदावर लिहिलं आणि माझ्यापुढं धरलं. "तुला इंग्रजी वाचता येतं ना? मोलकरणीच्या आधी हे होतं का? नीट आठव. तू बघितलंस असं तू म्हणालास, तर हे लिहून घेतील."

तो माणूस पेन काढून उभा. नुसती मान हलवली असती तरी भागलं असतं. घरात मी कायम सांगत आलो होतो की मला इंग्रजी वाचता येतं. बसची पाटी बघून मान डोलवायचो, आणि खरं तर थांबे मोजायचो. कागदावरच्या त्या रेघांकडं मी पुष्कळ वेळ बघितलं. कापलेल्या चौकटींतल्या रेघाही अशाच होत्या. इंग्रजीतल्या कुठल्याही रेघा मला अशाच दिसतात.

"मला वाचता येत नाही," मी म्हणालो. "कधीच येत नव्हतं."

नातीनं ते त्या माणसाला इंग्रजीत सांगितलं. त्यानं पेन खिशात ठेवलं.

तिचा प्रबंध पुरा झाला. त्यातही बाई लग्न करते आणि काम सोडते.