समुद्रासाठी शिवलेला तंबू

मला आजबी कुणी समुद्र म्हणलं की माझं टाळकं सरकतं. लोकायला वाटतं मेस्त्री पाण्याला भितो. भीती न्हाई, राग हाय. आन् त्यातला निम्म्याहून जास्त राग माझा माझ्यावरच हाय, कारण माझ्यासारखा येडा उदगीरच्या आसपास दिवा घिऊन हुडकला तरी सापडायचा न्हाई.

मी विहिरीवरच्या इंजनाचा मेस्त्री. शाळेचं तोंड बघितलं ते शाळेच्या विहिरीवर इंजन बसवायला गेलो तवा. ज्या साली लातूरचा नवा जिल्हा झाला, त्याच्या मागोमाग आमच्याकडं पाण्याची बोंब झाली. विहिरीत पाणीच न्हाई तर इंजन काय दगड वढणार? समदी इंजनं गप पडली आन् जलमात पयल्यांदा मला सुट्टी मिळाली. लोकं आभाळाकडं बघून रडून राहिले आन् मी फटफटी पुसून राहिलो. शरम वाटायला पायजे व्हती. वाटली न्हाई.

फटफटी माझीच. भंगारातून आणून मीच उभी केल्ती. तिचा आवाज आला की गल्लीतली कुत्री घर सोडून जायची. पण पळायची.

हे समुद्राचं खूळ डोस्क्यात घातलं माझ्या एका ड्रायव्हर दोस्तानं. त्याचा टरक उदगीरच्या मिलातली डाळ कोकणात न्यायचा आन् येताना नारळ आणायचा. एक दिवस माझ्या वट्ट्यावर चहा पिता पिता म्हणला, "मेस्त्री, समंदर देखे नै तुम? तो फिर क्या देखे जिंदगी में? इंजन का धुआं?"

"काय असतंय त्याच्यात?"

"अरे एक हात पे पहाड, एक हात पे पानी, बीच में रोड. खाडी आयी के फटफटी सीधी होडी में चढाव. उधर उतरो, फिर चलो. थक गये तो सुरू के झाडां के नीचे तंबू मारके सो जाव. कोई नै पूछता."

मला होडीत बसलेली फटफटी आवडली, पण खरं तर मी फसलो ते त्या शेवटच्या बोलण्यावर. कुणी इचारत न्हाई! आमच्याकडं मानूस तांब्या घिऊन माळाकडं निघाला तरी तिघं इचारतेत, कुठं निघाला. म्हणलं, ठरलं. एकटं जायचं. बायको न्हाई, पोरं न्हाई, देव न्हाई. रस्ता संपंस्तोवर समुद्राच्या कडंकडंनं जायचं आन् जिथं वाटल तिथं निजायचं.

शाळेतल्या मास्तरकडून भिंतीवरचा नकाशा मागून आणला. वाचता येत न्हाई, पण निळं ते पाणी एवढं कळतं. वट्ट्यावर पसरला आन् वितीनं मोजायला लागलो. वीतभरबी न्हाई! म्हणलं, एक टाकी तेल भरलं की पोचलो. तेवढ्यात मास्तरच आले. उभ्या उभ्या म्हणले, "मेस्त्री, नकाशा उलटा धरलाय. असे गेलात तर मद्रासला पोचाल."

मी गुमान सुलटा केला. इचारलं, "मास्तर, ह्यात आपला नवा जिल्हा कुठं हाय?"

"ह्यात न्हाई. हा जुना हाय. नवा अजून छापून यायचाय."

"म्हणजे मी आता कुठं हाय?"

मास्तर हसले. "सध्या तरी कुठंच न्हाई."

मीबी हसलो. पुढं ह्याच बोलण्यानं माझा जीव जाळला.

बायकोला सांगितलं तवा ती ज्वारी निवडत व्हती. हात थांबवला न्हाई. "एकटे? आवो, मानूस माहूरला जातंय, देवीला जातंय, सोयऱ्याकडं जातंय. खाऱ्या पाण्याकडं एकटं कोण जातंय? लोकं म्हणतील भांडून गेला."

"म्हणू दे."

"आन् लिंगपूजा कुठं करणार?"

"वाळूत."

"जेवायचं?"

"स्टो नेणार."

"तुमाला चहा करता येत न्हाई."

"शिकीन."

"लेकरायची लग्नं व्हायची येळ आली, आता हे चहा शिकणार!" म्हणून तिनं सूप असं आपटलं की अर्धी ज्वारी माझ्या नकाशावर. समुद्रात दाणे तरंगून राहिले.

मी ऐकलं न्हाई. मोंढ्याच्या बाजारातून एक जुनी ताडपत्री आणली, डाळीची रिकामी पोती आणली, दाभण-सुतळी घिऊन बसलो आन् तंबू शिवला. दोऱ्यांच्या जागी बैलाचे जुने कासरे. खुट्ट्या म्हणून इंजनाच्या मोडक्या सळया. असा तंबू जगात कुठं नसल. उभा केला की एका अंगाला झुकायचा, पिलेल्या मानसासारखा. पण उभा राहायचा.

आन् मग केला मी तो येडेपणा. म्हणलं, निघायच्या आदी एकदा त्यात निजून बघावं. देवणी रस्त्याच्या कडंला, आमच्या वस्तीफुडच्या माळावर तंबू ठोकला. फटफटी बाजूला लावली. नवी पँट घातल्ती, गॉगल लावल्ता. समुद्रावर जाणारा मानूस कसा दिसल ते बघायचं व्हतं. बिनघोर झोपलो.

कशाच्या तरी खडखडाटानं जाग आली, तवा ऊन डोक्यावर आल्तं. कनात उचलली, तर फुडं हंडे, घागरी, डालड्याचे डबे. रस्त्यापर्यंत रांग. मागं दोन म्हशी घिऊन एकजण चाऱ्यासाठी उभा. आन् समद्यात म्होरं आमच्याच वस्तीतली म्हातारी. तिला आमी समदे मावशी म्हणतो. तिची जीभ दाभणापेक्षा कडक.

ती म्हणाली, "सायब, पाणी कवा सोडता?"

"मावशी, मी हाय! मेस्त्री!"

तिनं डोळे बारीक करून बघितलं. मी गॉगल काढून दावला. तवा तिला पटलं.

"मुडद्या, मग तंबू कामून ठोकलास? आमी म्हणलं नव्या जिल्ह्याचं काम आलं. पाणी आलं, चारा आला, खडी फोडायचं काम आलं. सकाळधरनं उनात उभी हाय मी!"

"मी समुद्राला चाललोय, त्याची तयारी..."

रांगेतला एकजण मागनं म्हणला, "हितं प्यायला न्हाई आन् ह्याला पोहायला पायजे." हसले समदे. मीबी हसलो. दुसरं काय करणार? मला तवा त्या फाटक्या तंबूत तोंड घालून मरावं वाटलं.

तेवढ्यात सरकारी पाण्याची गाडी आली. ही गाडी रोज ह्याच रस्त्यानं जायची, पण आमच्या वस्तीवर कधी थांबली न्हाई. बाया हात करायच्या, मावशी दगड मारायची, तरी न्हाई. थांबवून इचारलं तर डायवर म्हणायचा, "तुमच्या वस्तीचा कागद जुन्या जिल्ह्यात हाय, नव्यात आला न्हाई." म्हणजे मास्तरचंच बोलणं. आमी कुठंच न्हाई.

त्या दिवशी तंबू बघून गाडी थांबली. डायवर उतरला, मला हात जोडले. "सायब, इथं पाण्याचं केंद्र सुरू झालं का? सांगितलं न्हाई कुणी. किती पाणी सोडू?"

मी म्हणायला लागलो, "अरं मी सायब कसला, मी तर..." आन् मावशीनं मागनं असा चिमटा काढला की डोळ्यात पाणी आलं. तेवढंच पाणी तवा आमच्याकडं व्हतं. मी गॉगल परत लावला. म्हणलं, "समद्यायला सोड."

समद्यायला मिळालं. लोकं खुशीत घरी गेली. मी एकटाच माळावर उभा, गाडी गेलेल्या वाटंकडं बघत. राग आल्ता. आरं भाड्या, आमी जितीजागती मानसं तुला दिसली न्हाई, बाया दिसल्या न्हाई, रिकामे हंडे दिसले न्हाई, आन् पोत्याचा तंबू दिसला? ते बी मी शिवलेला, वाकडा? मानसापेक्षा पोत्याची इज्जत जास्त?

दुसऱ्या दिवशी गाडी आपसूक थांबली. तिसऱ्या दिवशीबी. मग वस्ती माझ्या दारात. कालवर हसणारेच म्हणून राहिले, "मेस्त्री, तंबू काढू नका. आन् आत बसत जावा. रिकामा बघितला तर गाडी जाईल निघून."

"आन् माझा समुद्र?"

"तो कुठं पळून चाललाय?"

बायको म्हणाली, "जावा की आता. कुणी इचारत न्हाई तिथं जावा." आन् हसली. लई दिवसानं हसली, म्हणून मला आणखीनच राग आला.

मी काय साधू न्हाई. एका दुपारी, समदे उनानं घरात पडलेले बघून मी सटकायचं ठरवलं. स्टो बांधला, फटफटी ढकलत माळावर आणली, सळया उपटायला लागलो. एक कासरा सुटंना. वढला, तर मागून आवाज आला, "वढ अजून. माझा हात तुटंस्तोवर वढ." तंबूच्या सावलीत मावशी बसल्ती. कासरा स्वतःच्या मनगटाला गुंडाळून.

"मावशी, सोड."

"सोडते की. आदी मला सांग, उद्या गाडी कुणाला बघून थांबल? मला?"

मी रागानं स्टो माळावर फेकला. त्याला पोचा पडला, अजून हाय. मग सळया परत ठोकल्या आन् गॉगल लावून आत बसलो. उन्हाळाभर बसलो. लोकं मला सायब म्हणायला लागली, गमतीनं. मी शिव्या द्यायचो. ते आणखी म्हणायचे. एकदा खरा सायब जीपमधून गेला. त्यानं तंबूकडं बघून मान हलवली आन् मी आतून मान हलवली. त्याला वाटलं, तंबू कुणाच्या हुकमानं हाय ते मला मालूम असल.

मग माझा ड्रायव्हर दोस्त नारळ घिऊन परत आला. तंबूत मला बघून पोट धरून हसला. "मेस्त्री, समंदर इधरीच आ गया क्या?" आन् खिडकीतून एक बाटली काढली. "लेव. तुम नै गये, तो मैं लाया."

बाटलीत समुद्राचं पाणी. मी उनात धरून बघितलं. निळं न्हाई, काई न्हाई. साधं पाणी, तळाला चिमूटभर वाळू. मी तंबूत उशाला ठेवली. कुणाला बोललो न्हाई. चोरून बघायचो.

एक दिवस गाडीला उशीर झाला. मावशी तंबूत सावलीला आली, तिनं बाटली बघितली, झाकण काढलं आन् मी "आगं" म्हणंस्तोवर एक घोट मारला. तिचं तोंड असं झालं! थू करून माझ्या पँटवर थुकली.

"हे काय रे?"

"समुद्र हाय, मावशी."

"हे? एवढं पाणी आन् समदं असं?"

"समदं."

तिनं बाटलीकडं बघितलं, मग माझ्याकडं. मला वाटलं, आता शिव्या घालणार. पण तिनं झाकण नीट पिळून लावलं आन् बाटली परत माझ्या उशाला ठेवली. पदरानं तोंड पुसलं आन् म्हणाली, "लई मोठा असल न्हाई का?"

"डोळा पुरत न्हाई म्हणतेत."

"मग बघायला जायला पायजे व्हतास तू," मावशी म्हणाली, आन् गाडीचा आवाज आला म्हणून हंडा उचलून उठली. जाता जाता माझ्या गॉगलकडं बोट केलं. "लाव तो. आली गाडी."

मी लावला.