पटापलीकडच्या मास्तरीणबाई

कवळ्या बनवणाऱ्या त्या छोट्या कारखान्यात तिला सगळे चॅम्पियन म्हणत. आडनावानं हाक मारली तर ती पटकन वळतही नसे. दंतवैद्यांकडून जबड्यांचे साचे येत. त्यांत ती प्लास्टर ओतायची, मेणात एकेक दात बसवायची आणि हिरड्या घासूनपुसून गुळगुळीत करायची. माणूस कधी दिसायचा नाही, ओळख व्हायची ती फक्त जबड्याची. बाजारात एखादी म्हातारी तोंडभर हसली की वाटायचं, ही कवळी आपलीच. पण तसं जाऊन सांगणार कसं?

बुद्धिबळ तिला वडिलांनी शिकवलं. आई लवकर गेली, आणि वडील मुळातच घुमे. घरात दोघंच. शाळेत काय झालं, ताप उतरला का, असलं काही विचारणं त्यांना जमायचं नाही. जेवण झालं की ते पट मांडायचे. तिनं घाईत चाल केली की म्हणायचे, "घोडं कुठे पेंड खातंय ते आधी बघ." ती आपल्या घोड्याकडे बघायची, तर तो खरंच अडकलेला असायचा. तिला कारखान्यात नोकरी लागली तेव्हा ते आयुष्यातला एकुलता एक विनोद बोलून गेले, "दात कोरून पोट भरत नाही म्हणतात. माझ्या लेकीचं भरणार."

विशीत ती महिलांची विजेती झाली. नंतर कितीतरी वर्षं ते पद एकतर तिच्याकडे असायचं, नाहीतर मास्तरीणबाईंकडे. या मास्तरीणबाई दुसऱ्या शहरात गणित शिकवायच्या, तिच्याहून थोड्या मोठ्या. पुरुषांचे सामने मोठ्या हॉलमध्ये व्हायचे, बायकांचे मागच्या खोलीत, जिथे मोडक्या खुर्च्या रचून ठेवलेल्या असत. बघायला कोणी फिरकत नसे. चॅम्पियन सावकाश खेळणारी, एकेक प्यादं जपणारी. मास्तरीणबाई मात्र वेळ आली तर वजीरसुद्धा देऊन मोकळ्या होत. डावाआधी नमस्कार आणि डावानंतर हस्तांदोलन, याखेरीज दोघींत बोलणं नसे. तरी लॉजवरच्या खोलीत एकटीच जेवताना चॅम्पियनला वाटायचं, जगात मला आतून ओळखणारी एकच बाई आहे, आणि तिच्याशी आपलं नीट बोलणंही झालेलं नाही.

वडील गेले ते स्पर्धेच्या तोंडावर. तिनं कोणाला सांगितलं नाही. घरात बसून करणार काय, म्हणून पिशवी भरली आणि खेळायला गेली. मास्तरीणबाईंसमोर तिचा डाव पार कोसळला होता. आता मात होणार हे दोघींनाही दिसत होतं. अशा वेळी मास्तरीणबाईंनी मान वर केली आणि हळूच विचारलं, "बरोबरी घेता?" तिनं घेतली. नंतर नळाखाली तोंड धुताना तिला रडू आलं. न सांगता कळलं हिला, असंच तिनं मनाशी धरलं आणि पुढची सगळी वर्षं त्या आधारावर काढली.

मग एका वर्षी मास्तरीणबाई आल्या नाहीत. पुढच्या वर्षीही नाहीत. चॅम्पियन जिंकली, पण त्या जिंकण्यात दम नव्हता. कारखान्यातून निवृत्त झाल्यावर घर फारच शांत वाटायला लागलं. शेवटी तिनं संघटनेच्या चिटणिसाला पत्ता विचारला. हा गृहस्थ कायम उंटावरून शेळ्या हाकणारा, पण पत्ता त्यानं दिला. छोटा घडीचा पट पर्समध्ये टाकून ती सकाळच्या बसनं निघाली.

मास्तरीणबाई मुलाच्या फ्लॅटमध्ये बाल्कनीत मटार सोलत बसल्या होत्या. पायाशी नातवाची खेळणी पसरलेली.

"ओळखलंत का?" चॅम्पियननं विचारलं.

मास्तरीणबाईंनी जरा वेळ निरखून पाहिलं. "चेहरा नाही ओळखला. हात ओळखले. नेहमी तेच तर समोर असायचे. या, बसा."

चहा झाला. चॅम्पियननं न राहवून विचारलं, "खेळणं का सोडलंत?"

"सुटले म्हणा," मास्तरीणबाई हसल्या. "मला कधी आवडलंच नाही हो ते. भावाबरोबर खेळता खेळता त्याला हरवायला लागले, मग वडिलांना हौस, लग्नानंतर नवऱ्याला हौस. हरून आले की घरात सगळ्यांची तोंडं वाकडी. शेवटी डोळ्यांचं निमित्त झालं. सुंठीवाचून खोकला गेला."

चॅम्पियननं टोपल्यातली एक शेंग उचलली. सोलली नाही, नुसती हातात धरली. "माझे वडील गेले त्या वर्षी तुम्ही जिंकलेला डाव बरोबरीत सोडलात. तुम्हाला कसं कळलं होतं?"

मास्तरीणबाईंचे हात थांबले. "तुझे वडील गेले होते?"

तू म्हटलेलं दोघींच्याही लक्षात आलं नाही.

"मला काहीच ठाऊक नव्हतं गं. धाकटा तापानं फणफणला होता, घरून निरोप आला होता. मला गाडी गाठायची होती. अजून तासभर बसले असते तर चुकली असती."

खाली रस्त्यावर कोणीतरी स्कूटर चालू करायचा प्रयत्न करत होतं. ती काही चालू होईना. चॅम्पियन तो आवाज ऐकत राहिली. राग यावा असं समोरच्या बाईनं काही केलं नव्हतं. त्या एका बरोबरीवर आपण केवढं घर बांधलं, याचीच तिला लाज वाटली. पर्समधला पट तिनं बाहेर काढला नाही.

मास्तरीणबाईंनी मटाराचं टोपलं दोघींच्या मधे सरकवलं. "कसे होते वडील?"

हे तिला आजवर कोणीच विचारलं नव्हतं. आधी ती वडील डाव कसा सुरू करायचे तेच सांगायला लागली. मग ते पावाच्या कडा काढून तिच्या ताटात टाकायचे ते आठवलं. तिच्या पहिल्या करंडकाला जुन्या बनियननं चकाकी आणायचे तेही. शेंगा संपल्या तरी ती बोलत होती. मास्तरीणबाई मधून मधून "हं" म्हणत होत्या. त्यांचं अर्धं लक्ष घड्याळाकडे होतं, नातू शाळेतून यायची वेळ झाली होती.

दारात त्या म्हणाल्या, "पोचलीस की फोन कर."

घरी पोचल्यावर तिनं चपला काढायच्या आधी फोन लावला. सुनेनं उचलला.

"आई मुलाला घेऊन बागेत गेल्यात. काही निरोप आहे का?"

"पोचले म्हणून सांगा."

"कोण पोचलं म्हणून सांगू?"

मैत्रीण म्हणावं तर तसं काही नव्हतं, आणि नाव सांगितलं तर सुनेला कुठून कळणार? "त्यांना कळेल," ती म्हणाली.

उलट फोन आला नाही. आठवडाभर तिनं वाट पाहिली, मग सोडून दिलं.

पुढच्या स्पर्धेला ती गेली. समोर बँकेत काम करणारी एक मध्यमवयीन बाई होती. चॅम्पियन हरली. सोंगट्या डब्यात भरताना तिनं विचारलं, "चहा घेणार का? खाली कँटीन आहे."

त्या बाईनं घड्याळ बघितलं. "आज नको हो, घाईत आहे. पुढच्या वेळी नक्की."

"चालेल," चॅम्पियन म्हणाली. खाली जाऊन तिनं एकटीनंच चहा घेतला, आणि दुसऱ्या फेरीत आपल्यासमोर कोण आहे ते बघायला फलकापाशी गेली.